अर्डिस व्होपाटने लिहिलेले नगराध्यक्ष

टेनंट फॉल्समध्ये धबधबा नाही. गावाच्या पूर्वेला एक ओढा आहे, तो एका ठिकाणी गुडघाभर खाली उतरतो, आणि ऑगस्टमध्ये तेवढाही उतरत नाही. पण १८८६ साली ऑरिन टेनंट नावाच्या गृहस्थाने इथली जमीन प्लॉट पाडून पूर्वेकडच्या लोकांना विकायला काढली, तेव्हा जाहिरातीतल्या चित्रात त्याने तीन मजली धबधबा काढून घेतला होता. लोक आगगाडीने आले, पेट्या उतरवल्या, धबधबा शोधला, आणि परत जायची सोय नव्हती म्हणून इथेच राहिले. पुढच्याच वर्षी त्यांनी त्याच टेनंटला आपला पहिला नगराध्यक्ष निवडलं. अर्डिस व्होपाटच्या मते गावाचा सगळा इतिहास एवढ्यातच आटोपला होता. पुढे फक्त नावं बदलत गेली.

अर्डिसला हे म्हणायचा अधिकार होता. बत्तीस वर्षं ती नगरपालिकेत कारकून होती. पाण्याची बिलं, कुत्र्यांचे परवाने, दफनभूमीतल्या जागांचा नकाशा, सभेची इतिवृत्तं, सगळं तिच्या टेबलावरून जाई. नगराध्यक्ष महिन्यातून दोनदा यायचे, तिने खूण करून ठेवलेल्या जागी सही करायचे आणि जाताना तिच्या डब्यातली पेपरमिंटची गोळी उचलायचे. चार नगराध्यक्ष तिने पाहिले. त्यातल्या एकालाही गावचं पाणी बंद करायची मुख्य कळ कुठे आहे ते सांगता आलं नसतं. अर्डिस बुटकी, रुंद खांद्यांची, सरळ बोलणारी बाई. नवरा एमिल गेल्यापासून ती आणखी सरळ बोलायला लागली होती, कारण घरी गेल्यावर टेबलाखालून पाय मारून गप्प करणारं कुणी उरलं नव्हतं.

२०११ च्या मार्चमध्ये नगराध्यक्ष डुएन स्टकी तिच्या खोलीत आला आणि चक्क खुर्चीत बसला. डुएनचं हमरस्त्याच्या फाट्यावर गवत कापायच्या यंत्रांचं दुकान होतं, आणि गावकारभार त्याला त्या दुकानाची पुढची ओसरी वाटायचा. गावाला जुलैमध्ये सव्वाशे वर्षं होणार, तेव्हा सगळ्या नगराध्यक्षांच्या तसबिरी सभागृहात ओळीने लावायच्या आणि त्यांच्या कार्याची एक पुस्तिका काढायची, असं त्याच्या मनात होतं. अर्डिस डिसेंबरअखेर निवृत्त होणार, तेव्हा जाता जाता तिनेच ती लिहावी.

"एकेकाचं एक पान," तो म्हणाला. "लोकांना अभिमान वाटेल असं."

"आणि ज्याने काहीच केलं नाही त्याचं?"

"काहीतरी केलंच असेल की, अर्डिस. तुम्ही शोधा."

अर्डिसने शोधलं. तळघरातून इतिवृत्तांच्या वह्या वर आणल्या, धूळ झटकली आणि एप्रिलभर दुपारच्या सुट्टीत सँडविच एका हातात धरून वाचत बसली. आपल्याला कंटाळा येईल असं तिला वाटलं होतं. आली ती मजा.

दुसरा नगराध्यक्ष सायरस हॅम. धंदा शवपेट्या करायचा आणि प्रेतं पुरायचा. एकोणीस वर्षं खुर्चीवर होता. त्याच्याशी बोलणाऱ्याला सारखं वाटत राही की हा आपलं माप घेतोय. एकोणीस वर्षांत गावातला एकच रस्ता पक्का झाला, तो दफनभूमीकडे जाणारा. शाळेकडे जाणारी पोरं तेव्हाही चिखलातून जात होती आणि हॅम मेला त्या वर्षीही चिखलातूनच जात होती. लोकांनी त्याच्या नावाने बाक बसवला.

एल्बर्ट प्रुइट १९२० च्या आसपासचा. त्याला चार मुली. त्याने चार रस्त्यांना चौघींची नावं दिली आणि ठरावात लिहिलं की ही मागणी जनतेची होती. तीन वर्षांनी तिसरी मुलगी कोरल पियानोचे सूर लावायला येणाऱ्या माणसाबरोबर पळून गेली. महिन्याच्या आत खास सभा बोलावून कोरल मार्गाचं नाव सद्गुण मार्ग करण्यात आलं. आजही तेच आहे. गावातला एकमेव दारूचा अड्डा सद्गुण मार्गावरच आहे, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही.

मग रॉय डेटवायलर. मोठा हमरस्ता कुठून न्यायचा हे पाहायला सरकारी इंजिनियर आले होते आणि त्यांना गावाच्या कडेची जागा पसंत पडली होती. डेटवायलरचा दुधाचा धंदा. ट्रकांच्या आवाजाने गाई दूध चोरतील असं त्याने त्यांना सांगितलं, आणि सभेने एकमताने मान डोलावली. रस्ता सहा मैलांवरून, किंबल गावातून गेला. टेनंट फॉल्समधलं कापडाचं दुकान, मग बँक, मग शाळेचे वरचे वर्ग, असं एकेक करून सगळं त्या रस्त्यामागे चालू लागलं. डेटवायलरने म्हातारपणी गाई विकल्या आणि घर बांधलं किंबलमध्ये, अगदी रस्त्याला लागून. जाण्यायेण्याला सोयीचं म्हणून.

अर्डिस हे सगळं लिहीत गेली. लिहिताना मधेच एकटीच हसायची, तेव्हा पाण्याचं बिल भरायला आलेली माणसं काउंटरपलीकडून मान लांब करून बघायची. एवढी मूर्ख माणसं एका गावाला शोधून शोधून कशी सापडली, आणि तीसुद्धा दर वेळी बहुमताने, याचं तिला खरोखर नवल वाटायचं. आपण यांच्यापैकी नाही, ही गोष्ट तिला मनातून सुखावत होती. मग मे महिन्यात ती तिच्या स्वतःच्या अक्षरातल्या वह्यांपाशी आली, आणि १९८४ च्या वहीशी थांबली.

त्या वेळी नगराध्यक्ष होता गॉर्डन लिंडाल. उंच, देखणा, पांढऱ्याशुभ्र दातांचा. सगळ्यांच्या पोरांची नावं त्याला पाठ होती. वादळाचा इशारा देणारा भोंगा आगीच्या बंबाच्या शेडच्या छपरावर होता आणि दर महिन्याच्या पहिल्या बुधवारी दुपारी बाराला तो वाजवून बघायचे. त्या वर्षी मार्चमध्ये त्याची मोटर जळाली. नवी आणायचा विषय दोनदा सभेपुढे आला आणि दोनदा पुढे ढकलला गेला, कारण गॉर्डनला त्याच पैशात चार जुलैच्या, म्हणजे स्वातंत्र्यदिनाच्या आत बागेत बँडस्टँड, बँडवाल्यांचा छपरी चौथरा, उभा करायचा होता. सात जूनला दुपारी चारच्या सुमारास पश्चिमेकडून वादळाची सोंड उतरली. भोंगा गप्प होता. मर्ल ह्रुश्का ट्रॅक्टरच्या शेडमध्ये दार लावून वेल्डिंग करत होता, त्याला बाहेर काय चाललंय ते कळलंच नाही. हेस्टर बॉयल ही म्हातारी शिक्षिका दुपारची झोपली होती. दोघंही गेली.

चार दिवसांनी सभा झाली. सभेआधी गॉर्डन अर्डिसच्या टेबलाशी आला होता. भोंगा ठीक होता, वादळात विजेची तार तुटल्यामुळे वाजला नाही, असं लिही, असं त्याने तिला सांगितलं. दमदाटी केली नाही. खांद्यावर हात ठेवून म्हणाला की लोक आधीच खचलेत, त्यांना आणखी त्रास कशाला. एमिलची नोकरी त्याआधीच्याच हिवाळ्यात गेली होती, घर अर्डिसच्या पगारावर चालत होतं. तिने लिहिलं. सुबक, गोल अक्षरात, एकही खाडाखोड न करता.

अर्डिसने वही मिटली. सँडविच तसंच राहिलं.

गॉर्डन लिंडाल अजून जिवंत होता. किंबलच्या वृद्धाश्रमात, वय एक्याण्णव, डोकं शाबूत. आणि तो डुएन स्टकीचा सासरा होता. एका रविवारी चर्च झाल्यावर अर्डिस त्याला भेटायला गेली. तो खिडकीशी बसून एकटाच डॉमिनोच्या सोंगट्या मांडत होता.

"अर्डिस," तो म्हणाला. दात अजून तसेच होते. "एमिल कसा आहे?"

"एमिल गेला, गॉर्डन. सहा वर्षं झाली."

"हो, हो. मी फुलं पाठवली होती."

त्याने पाठवली नव्हती. अर्डिसने ते सोडून दिलं आणि भोंग्याचं विचारलं. पुस्तिकेत लिहायचंय, तेव्हा खरं काय ते तुमच्या तोंडून ऐकायला आले, असंही सांगितलं. गॉर्डनने एक सोंगटी उचलून दुसरीला जोडली.

"वीज गेली होती. तसं लिहिलेलं आहे."

"ते मी लिहिलं. तुम्ही सांगितलंत म्हणून."

"सांगितलं असेन. मी दिवसभरात कितीतरी जणांना काय काय सांगायचो." तो अगदी मायेने हसला. "पण अक्षर कुणाचं आहे, बाई? माझी तर नुसती सही. ती तर सगळ्याच कागदांवर असते."

अर्डिस गाडीत येऊन बसली. तिला राग आला होता, पण कुणाचा ते नीट सांगता येईना. म्हातारा नीच होता, यात शंका नव्हती. पण अक्षराबद्दल तो खोटं बोलत नव्हता. हॅम, प्रुइट आणि डेटवायलर यांना ती महिनाभर हसत होती, आणि त्यांच्याही काळात कुणीतरी टेबलाशी बसून, सुबक अक्षरात, जनतेची मागणी होती, सभेने एकमताने मान्य केलं, असं लिहीत गेलंच होतं की.

घरी येऊन तिने गॉर्डनचं पान लिहिलं. बाकीच्यांची पानं तिने चवीने लिहिली होती, हे पान कोरडं लिहिलं. मोटर कधी जळाली, विषय किती वेळा पुढे ढकलला, का ढकलला, वादळ किती वाजता आलं, कोण मेलं. शेवटी लिहिलं, "वीज गेल्यामुळे भोंगा वाजला नाही असं इतिवृत्तात आहे. ते खोटं आहे. ते मी लिहिलं." आणि खाली पूर्ण नाव.

डुएनने हस्तलिखित घरी नेलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आठलाच तो दारात हजर झाला. गेल्या आठ वर्षांत तो इतक्या लवकर कधी आला नव्हता. मुलीच्या लग्नात जेवण कमी पडल्यासारखा त्याचा चेहरा झाला होता. तो म्हणाला की प्रुइटचे नातू अजून गावात आहेत, हॅमच्या बाकावर लोक बसतात, आणि हे शेवटचं तर बोलायलाच नको. सत्तावीस वर्षं झाली. लोक जुलैत मिरवणूक बघायला आणि आइस्क्रीम खायला येणार.

"मग आइस्क्रीमचं छाप," अर्डिस म्हणाली.

"ते माझे सासरे आहेत, अर्डिस."

"ठाऊक आहे. तुझ्या लग्नात बटाट्याचं सॅलड मीच वाढत होते."

"तुम्ही स्वतःचंही नाव खराब करताय. कळतंय का तुम्हाला?"

"माझं नाव माझ्यापाशी राहू दे. तू तुझं बघ."

पुस्तिका निघाली. डुएनच्या बायकोच्या भाचीने ती लिहिली, गुळगुळीत कागदावर, नाव 'सेवेची सव्वाशे वर्षं'. तिच्यात ऑरिन टेनंट द्रष्टा होता, हॅम कष्टाळू, प्रुइट कुटुंबवत्सल आणि डेटवायलर शेतीचा कैवारी. गॉर्डन लिंडालने गावाला बँडस्टँड दिला होता. डुएनला दोन पानं मिळाली होती, एकावर तो झेंड्यासमोर आणि दुसऱ्यावर हिरव्या यंत्रावर बसून.

अर्डिसने भांडण केलं नाही. तिने आपली पानं टंकलिखित केली, किंबलच्या ग्रंथालयातल्या यंत्रावर चाळीस प्रती काढल्या, स्वतः टाचल्या, आणि कॅफेच्या काउंटरवर, न्हाव्याकडे, वाचनालयात आणि सद्गुण मार्गावरच्या अड्ड्यात दहा-दहा ठेवून दिल्या. दोन दिवसांत सगळ्या उचलल्या गेल्या. गुळगुळीत पुस्तिकेचे गठ्ठे सभागृहाच्या कोपऱ्यात तसेच पडून होते.

गाव खूश झालं, पण अर्ध्यापर्यंतच. कॅफेत लोक प्रुइटच्या मुलींची पानं मोठ्याने वाचून दाखवत, डेटवायलरच्या गाईंवरून एकमेकांना कोपरखळ्या मारत. मग गॉर्डनचं पान आलं की वाचणारा घसा साफ करी आणि कॉफी मागवी. अर्डिस दारातून आत आली की बोलणं पावसावर आणि मक्याच्या भावावर जाई. एकजण तिला ऐकू जाईल अशा बेताने म्हणाला की नवरा गेल्यावर काही बायका आंबतात. मेलेल्या म्हाताऱ्यांना हसायला हे गाव एका पायावर तयार होतं. जिवंत असलेल्याचं नाव निघालं की मात्र सगळ्यांना एकदम सभ्यता आठवे.

ऑगस्टमध्ये एका दुपारी लव्हॉन ह्रुश्का नगरपालिकेत आली. मर्लची बायको. सत्तरीची, काटकुळी, बोलताना आवाज वर-खाली न करणारी. इतकी वर्षं ती दर महिन्याला याच काउंटरवर पाण्याचं बिल भरत होती आणि दोघी हवापाण्याचं बोलत होत्या. आज तिच्या हातात बिल नव्हतं, घडी घातलेली पानं होती.

"वाचलं मी," ती म्हणाली.

"मी आधीच यायला हवं होतं तुझ्याकडे, लव्हॉन."

"हो. यायला हवं होतंस."

अर्डिस क्षमेचं काही बोलायला लागली तसं लव्हॉनने मानेनेच नको म्हटलं. "ते तुझ्यापाशीच राहू दे. मला त्याचं काय करायचंय?" मग ती म्हणाली, "भोंगा बंद आहे हे मर्ललाही माहीत होतं. एप्रिलपासून बुधवारी बाराला वाजत नव्हता. तो म्हणायचा, बरं झालं, कुत्रं भुंकायचं थांबलं. सगळ्यांना माहीत होतं, अर्डिस. तू फार मोठं गुपित पोटात ठेवलं होतंस असं समजू नकोस."

अर्डिसने काउंटरवरची बिलं सरळ केली.

"पुढच्या वर्षी निवडणूक झाली. गॉर्डनला किती मतं पडली होती?"

अर्डिसला आकडा पाठ होता. "दोनशे एकाहत्तर. विरोधात चव्वेचाळीस."

"त्यातलं एक माझं."

"चव्वेचाळीसातलं."

"नाही," लव्हॉन म्हणाली. तिने पानांची घडी अंगठ्याने दाबली. "मर्लला पुरलं त्या दिवशी गॉर्डन माझे दोन्ही हात धरून रडला. किती चांगला माणूस आहे, असं वाटलं मला."

बाहेर कुणाची तरी गाडी थांबली, निघून गेली. मग लव्हॉनने विचारलं की ते इतिवृत्त दुरुस्त करता येतं का. अर्डिसने सांगितलं की कारकुनाला तो अधिकार नाही. सभेत कुणीतरी सूचना मांडायला हवी, दुसऱ्याने अनुमोदन द्यायला हवं, मग मतदान. नागरिकाला फक्त तीन मिनिटं बोलता येतं. लव्हॉन म्हणाली की तिला तीन मिनिटं लागणारही नाहीत.

पण ती लगेच आली नाही. सप्टेंबरमध्ये तिची कंबर धरली, ऑक्टोबरमध्ये मुलीकडे गेली. नोव्हेंबरमध्ये निवडणूक झाली. डुएनविरुद्ध कुणी उभंच राहिलं नाही, आणि निकालानंतर त्याने लोकांनी दाखवलेल्या विश्वासाबद्दल आभार मानले. डिसेंबरच्या सभेला, म्हणजे अर्डिसच्या शेवटच्या सभेला, संध्याकाळी सहाच्या ठोक्याला लव्हॉन येऊन पहिल्या खुर्चीवर बसली. कोट काढला नाही. भिंतीवर नगराध्यक्षांच्या तसबिरी होत्या, गॉर्डनची बरोबर तिच्या डोक्यावर.

तिची वेळ आली तेव्हा ती उभी राहिली आणि म्हणाली की अकरा जून १९८४ च्या इतिवृत्तात तिच्या नवऱ्याच्या मृत्यूबद्दल खोटं लिहिलेलं आहे, ज्या बाईने ते लिहिलं ती इथेच बसलेली आहे आणि तसं कबूलही करते, तेव्हा सभेने ते सुधारावं. एवढंच. चाळीस सेकंद लागली असतील.

डुएनने तिचे मनापासून आभार मानले. मग कुणाला काही सूचना मांडायची आहे का, असं विचारलं. टेबलाभोवती पाच सभासद होते. एकाने चष्मा पुसायला काढला. दुसरा छताच्या दिव्याकडे बघत राहिला, जणू तो आजच बसवलाय. तिसऱ्याचा मोठा भाऊ १९८४ च्या सभेत होता, तो टेबलाखाली बूट बांधायला वाकला आणि बराच वेळ वर आलाच नाही. उरलेले दोघं डुएनकडे बघत होते आणि डुएन घड्याळाकडे. मग डुएन म्हणाला की सूचना नाही असं दिसतं, आणि पुढचा विषय घेतला. पुढचा विषय होता मुख्य रस्त्यावरची नाताळची रोषणाई. त्यावर पाऊण तास चर्चा झाली आणि पाचही जण बोलले.

लव्हॉन मधेच उठली. जाताना अर्डिसच्या टेबलापाशी थांबली नाही, फक्त तिच्याकडे बघून एकदा मान हलवली. ती मान हलवणं काय होतं ते अर्डिसला कधीच नीट उमगलं नाही. त्यानंतरही दोघी दुकानात भेटत राहिल्या आणि हवापाण्याचंच बोलत राहिल्या.

अर्डिसने त्या रात्रीचं जेवण उशिरा केलं, पण इतिवृत्त दुसऱ्या दिवशी सकाळी, ताज्या डोक्याने लिहिलं. लव्हॉनचं बोलणं तिने शब्दन् शब्द उतरवलं. त्याखाली कुणी चष्मा पुसला, कुणी दिव्याकडे बघितलं, कोण किती वेळ बुटाशी वाकला होता, नगराध्यक्षांनी घड्याळात किती वेळा पाहिलं, हे नावानिशी लिहिलं. आणि तिथेच, त्याच ओघात, एक वाक्य घातलं की सदर कारकुनाने १९८४ मध्ये खोटी नोंद केली होती. मग टाचून, सहीच्या जागेवर खूण करून फायलीत ठेवलं, पेपरमिंटचा डबा पर्समध्ये टाकला, आणि महिनाअखेरीस किल्ल्या नव्या मुलीच्या हवाली केल्या.

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात त्या नव्या मुलीचा फोन आला. पाण्याची मुख्य कळ कुठे आहे ते तिला हवं होतं, नगराध्यक्षांना विचारलं तर त्यांनी अर्डिसचा नंबर दिला. अर्डिसने सांगितलं आणि मग सहज विचारलं, डिसेंबरच्या इतिवृत्ताचं काय झालं?

"ते होय," मुलगी म्हणाली. "एकमताने मंजूर झालं. दुरुस्ती काही नाही. डुएननी सही केलीये."

"कुणी वाचलं का?"

मुलीला हा प्रश्न जरा चमत्कारिक वाटला. "वाचतात का ते?" तिने विचारलं.